रोस्टर कोणाच्या हातात आहे?

प्रति,
मुंबई, पुणे, नाशिक, गोवा आणि जिथं जिथं आमची मुलं नोकरीला लागतात तिथल्या हॉटेलांचे मालक, जनरल मॅनेजर आणि एचआर प्रमुख यांस,



कॅम्पस मुलाखतींचा हंगाम आला की तुमची माणसं आमच्या कॉलेजात येतात. मुलाखती आटोपल्या की प्राचार्यांच्या खोलीत चहा होतो आणि दर वर्षी तेच गाऱ्हाणं निघतं. मुलं टिकत नाहीत, सहा महिन्यांत सोडून जातात, आजकाल कुणाला कष्ट नकोत, प्रत्येकाला लगेच मॅनेजर व्हायचंय. उमेदीची वर्षं हॉटेलच्या हाऊसकीपिंगमध्ये काढून आता शिकवणारी मी तिथंच बसलेली असते. माझं मत कुणी विचारत नाही. म्हणून हे पत्र. आणि ते खुलं अशासाठी, की बंद पाकिटातली पत्रं तुमच्याकडे कुठल्या ड्रॉवरमध्ये जातात ते मला ठाऊक आहे.

कष्टांचा मुद्दा आधी मिटवू. तुमच्याकडून गेलेली मुलं पुढं कुठं जातात, हे कधी पाहिलंत? त्यातली बरीच ‘शिपवर’ जातात. गोव्यातल्या घरांना ही वाट जुनी आहे. आता सोलापूर-नांदेडची मुलंही ती धरू लागली आहेत. क्रूझवर आठवड्याची सुट्टी नसते. कित्येक महिने सलग काम, पाण्याच्या पातळीजवळ दोघांत एक खोपटाएवढी केबिन, आणि घरचा गणपती मोबाईलवर. कष्ट टाळणारा पोरगा तिथं कशाला जाईल? तो जातो, कारण निघण्याआधी त्याच्या हातात करारपत्र पडतं. 2006 चा सागरी कामगार करार भारतानं 2015 मध्ये स्वीकारला. त्यानुसार चोवीस तासांत किमान 10 तास आणि सात दिवसांत किमान 77 तास विश्रांती द्यावी लागते, तिची नोंद ठेवावी लागते आणि त्या नोंदीची प्रत कामगाराला द्यावी लागते. जहाजावर राजकारण नसतं असं मुळीच नाही. तिथंही देशादेशांचे गट असतात, तिथंही सुपरवायझरची मर्जी राखावी लागते. पण झोपेचे तास त्या मर्जीवर सोडलेले नसतात.

तुमच्याकडे ते असतात. आणि ही मर्जी ज्या कागदावर उतरते त्याला आपण रोस्टर म्हणतो.

हॉटेलातलं राजकारण म्हटलं की तुमच्या डोळ्यांसमोर वरचे मजले येतात. नवा जीएम आला, त्यानं आपला एक्झिक्युटिव्ह शेफ आणला, आपला एफ अँड बी मॅनेजर आणला, जुन्या जीएमची माणसं पुढच्या अप्रेझलपर्यंत एकेक करून गळाली. हे चालतंच, आणि त्यात सापडणाऱ्यांना निदान दुसरीकडे तशीच खुर्ची मिळते. मी खालच्या राजकारणाबद्दल बोलते आहे. ते स्टाफ कॅफेटेरियाच्या बाहेर टाचणीनं लावलेल्या कागदावर चालतं, आणि आता त्याहून जास्त व्हॉट्सॲप ग्रुपवर.

माझ्या खात्याचंच उदाहरण घ्या. एका शिफ्टला एका मुलीच्या वाट्याला चौदा-पंधरा खोल्या येतात. पाहुणा अजून राहत असेल तर पलंग सारखा करायचा, टॉवेल बदलायचे, बाथरूम पुसायचं. वीस-पंचवीस मिनिटांत ती बाहेर पडते. चेकआऊटची खोली निराळी. तिथं पलंग उघडा करून पुन्हा पहिल्यापासून बांधायचा, कपाटं, ड्रॉवर, मिनीबार, गादीखालचे कागद, फरशीवरचे केस, पडद्यावरचा डाग, सगळं पाहायचं. त्यात पाऊण तास सहज जातो. आता सुपरवायझरनं नावडतीला चौदापैकी दहा चेकआऊट द्यावेत आणि आवडतीला तीन. नावडती तक्रार घेऊन गेली की तिच्यासमोर शीट धरायची: बघ बाई, दोघींनाही चौदाच! कुठल्याही एचआर प्रमुखाला त्या शीटमध्ये काही वावगं दिसणार नाही. तुमचं सॉफ्टवेअरही हिरवा रंगच दाखवेल. संध्याकाळी एकीची बस चुकते आणि दुसरी वेळेवर घरी पोचते, एवढाच फरक.

रेस्तराँमध्ये हेच टेबलांच्या बाबतीत होतं. कुणाला खिडकीकडची टेबलं, कुणाला स्वच्छतागृहाच्या दाराजवळची. कुणाला बार, कुणाला खोल्यांमध्ये ट्रॉली ढकलणं. किचनमध्ये एका कॉमी (शिकाऊ) शेफला लाइव्ह काउंटरवर उभं करतात, पाहुण्यांच्या नजरेत आणतात, आणि त्याच तारखेला लागलेला दुसरा वर्षभर कांदा, बटाटा आणि कोळंबी यांच्या पलीकडे जात नाही. रात्री एकला बार बंद करून गेलेल्या मुलाचं नाव सकाळी सहाच्या ब्रेकफास्टला लागतं. मंगळवारचा ऑफ सोमवारी रात्री साडेदहाला मेसेज टाकून कॅन्सल होतो, आणि ‘कॉम्प-ऑफ घे पुढं’ म्हणतात तो पुढं कधीच येत नाही. यातली एकेक गोष्ट सुटी पाहिली तर कामाची गरज वाटते. सहा महिन्यांची रोस्टरं एकाखाली एक ठेवून पाहा, गरज नेहमी त्याच चार जणांवर कशी येते ते दिसेल.

ब्रेक शिफ्टवर तर वेगळं पत्र लिहावं लागेल. अकरा ते तीन, मग सात ते अकरा. काम आठ तासांचंच, कागद स्वच्छ. पण बदलापूर किंवा विरारहून आलेला मुलगा तीन ते सात या वेळात जातो कुठं? लॉकर रूममधल्या बाकावर. महाराष्ट्राच्या 2017 च्या दुकाने व आस्थापना कायद्यानं विश्रांतीसकट दिवसाचा पसारा साडेदहा तासांत बसवायला सांगितलं होतं. थांबून-थांबून चालणाऱ्या किंवा तातडीच्या कामापुरती बारा तासांची सवलत होती. आपल्या धंद्यानं ती सवलतच नियम करून टाकली. सप्टेंबर 2025 मध्ये राज्य मंत्रिमंडळानं कामाचे तास नऊवरून दहा करायला मान्यता दिली, तेव्हा हॉटेलवाल्यांच्या वर्तुळात झालेला आनंद मी जवळून पाहिला. जादा तासाला दुप्पट पैसे द्यावे लागतात, ही त्याच कायद्यातली जुनी ओळ मात्र तेव्हाही कुणाला आठवली नाही.

आता टिपांचं. 4 जुलै 2022 ला केंद्रीय ग्राहक संरक्षण प्राधिकरणानं बिलात परस्पर सर्व्हिस चार्ज लावायला मनाई करणारी मार्गदर्शक तत्त्वं काढली. हॉटेलांच्या आणि रेस्तराँच्या संघटना दिल्ली उच्च न्यायालयात गेल्या आणि 28 मार्च 2025 ला एकलपीठापुढे हरल्या. तुमच्या बाजूचा एक युक्तिवाद असा होता की हा पैसा कर्मचाऱ्यांचा आहे, तो गेला तर त्यांच्या पोटावर पाय येईल. युक्तिवाद खोटा नव्हता. कामगार संघटना जिवंत असलेल्या जुन्या हॉटेलांत हा पैसा पॉइंटांनी वाटला जायचा आणि भांडी घासणाऱ्यापर्यंत पोचायचा. कुणाला किती पॉइंट, हे सगळ्यांना पाठ असायचं. पण इतर किती ठिकाणी त्याची वही कर्मचाऱ्यांना पाहायला मिळत होती? ज्या पैशाचा हिशेब आपण आपल्याच माणसांना दाखवला नाही, त्याचा कैवार कोर्टात घ्यायला गेलो तर ग्राहकानं विश्वास का ठेवावा?

सर्व्हिस चार्ज सुटला तरी टिप आहेच, आणि ती आता रोख राहिलेली नाही. पाहुणा कार्डावर बिलासोबत टिप देतो, ती गल्ल्यात जमा होते. तिथून पुढं ती कॅप्टनच्या हाती किती, स्टुअर्डच्या हाती किती आणि ‘ब्रेकेज’च्या नावाखाली फुटलेल्या ग्लासात किती, ते एकट्या कॅप्टनला माहीत. ब्रिटननं 2023 मध्ये यासाठी वेगळा कायदा केला आणि तो 1 ऑक्टोबर 2024 पासून लागू झाला: टिप पूर्णच्या पूर्ण कर्मचाऱ्यांना द्यायची, वाटपाचं धोरण लेखी ठेवायचं, नोंद ठेवायची आणि मागितली तर दाखवायची. आपल्याकडे असा कायदा होईल तेव्हा होवो. वही ठेवायला कायदा लागत नाही.

प्रांताप्रांतांच्या लॉबीबद्दल लिहिताना मला जरा जपून लिहावं लागतं, कारण वाचणारे मराठी आहेत. मराठी मुलांना मागं ठेवलं जातं, ही तक्रार खरी आहे. चिपळूणचा किंवा सांगोल्याचा, मराठी माध्यमातून आलेला मुलगा फ्रंट ऑफिस मागतो आणि त्याला हाऊसकीपिंग मिळतं. त्याचं इंग्रजी दहा मिनिटांच्या मुलाखतीत अडखळलेलं असतं आणि पुढं तीन वर्षं त्याच दहा मिनिटांवर त्याची किंमत ठरते. गढवाली शेफच्या किचनमध्ये गढवाली मुलं वर येतात, बंगाली शेफच्या किचनमध्ये बंगाली. पण जिथं मराठी एक्झिक्युटिव्ह हाऊसकीपर बसली आहे तिथं काय होतं, तेही मी पाहिलंय. आपला तो बाब्या. आणि या सगळ्या लॉबी एका बाबतीत एक होतात: मणिपूर-मिझोरामच्या मुलींना जी नावं ठेवली जातात ती सर्व भाषांत सारखीच घाण असतात. रिसेप्शनवर, स्पामध्ये त्या तुम्हाला हव्या असतात, कारण त्या पाहुण्यांना आवडतात. मॅनेजरच्या खुर्चीत त्यातली एखादी तुमच्या हॉटेलात आहे का, ते पाहा.

शिवीगाळीचं समर्थन करताना तुमचे शेफ परंपरेचा दाखला देतात. म्हणे किचन म्हणजे सैन्य. ज्यानं ते सैन्य उभं केलं त्या ऑग्युस्त एस्कॉफिएला तरी नीट वाचा. 1870 च्या फ्रान्स-प्रशिया युद्धात तो सैन्यातला आचारी होता; पुढं लंडनच्या सॅव्हॉय हॉटेलात त्यानं किचनची जी उतरंड लावली तीच आपण आजवर वापरतो. पण त्याच्या किचनमध्ये शिव्या आणि दारू यांना मज्जाव होता, आणि राग अनावर झाला की तो स्वतःच बाहेर निघून जाई, अशी त्याची ख्याती होती. आपण त्याची उतरंड घेतली, तोंडाचा लगाम घेतला नाही.

हल्ली एक नवी गंमत सुरू झाली आहे. पाहुण्यानं इंटरनेटवर रिव्ह्यू लिहिताना तुमच्या माणसाचं नाव घेतलं की त्याच्या खात्यावर एक ‘मेन्शन’ जमा होतो आणि महिनाअखेर त्यावर गुण मिळतात. त्यामुळं नाश्त्याच्या टेबलावर पोरं पाहुण्यांच्या कानाशी लागून आपल्या नावाचं स्पेलिंग सांगत असतात. दाराशी उभा राहून ‘गुड मॉर्निंग’ म्हणणाऱ्याला मेन्शन मिळतात. त्या नाश्त्याची भांडी घासणाऱ्याचं नाव पाहुण्याला कसं कळणार? लाँड्रीतल्या माणसाचं? रात्रभर हिशेब जुळवणाऱ्या नाईट ऑडिटरचं? मग मेन्शन मिळतील अशा जागी ड्यूटी लागावी म्हणून पुन्हा रोस्टर लिहिणाऱ्याच्या मागंपुढं करणं आलं. आणि तुमचं ते वार्षिक निनावी सर्वेक्षण! फॉर्मवर वर एम्प्लॉयी कोड लिहायला सांगता आणि खाली ‘मोकळेपणानं लिहा’ म्हणता.

मुलींचं स्वतंत्र सांगते, कारण तिथं मर्जीची किंमत सगळ्यात जास्त पडते. कामाच्या ठिकाणच्या लैंगिक छळाविरुद्धच्या 2013 च्या कायद्यानं दहा किंवा जास्त कर्मचारी असलेल्या प्रत्येक जागी अंतर्गत समिती सक्तीची केली. तुमच्याकडे ती आहे. सर्व्हिस लिफ्टजवळ फलकही आहे. त्या फलकावरच्या बाहेरच्या सदस्याला तुमच्या फ्लोअरवरच्या मुलींनी कधी पाहिलंय का? समितीच्या अध्यक्ष बाई आणि ज्याच्याविरुद्ध तक्रार करायची तो विभागप्रमुख, दोघं रोज सकाळच्या ब्रीफिंगला शेजारी बसतात. तक्रार केलीच तर हातात पहिलं काय येतं? बदललेलं रोस्टर. ‘तुझ्याच सुरक्षेसाठी’ म्हणून तिलाच तळघरातल्या लिनन रूममध्ये पाठवतात आणि तो मजल्यावर राहतो.

आणि पाहुणा? दार ठोठावून एकटी आत जाणारी मुलगी, आत टॉवेल गुंडाळलेला माणूस. हा प्रसंग हाऊसकीपिंगमधल्या कुठल्याही बाईला समजावून सांगावा लागत नाही. माझ्या एका जुन्या हॉटेलात एका मुलीनं असं काही सांगितलं तेव्हा ड्यूटी मॅनेजरचं पहिलं वाक्य होतं, ‘कंपनीचा गेस्ट आहे, महिन्याला चाळीस रूम नाईट्स देतात ते.’ दुसऱ्या दिवशी त्या मजल्यावर दुसरी मुलगी लावली आणि तिला कुणी काही सांगितलं नाही. कामाच्या ठिकाणी संपर्कात येणाऱ्या कुणाहीपासून सुरक्षित वातावरण देणं हे मालकाचं कर्तव्य आहे, असं त्याच 2013 च्या कायद्याचं एकोणिसावं कलम सांगतं. त्यात पाहुणा आलाच, चाळीस रूम नाईट्स देणाराही. शिकागो शहरानं 2017 मध्ये नियम केला की खोलीत एकट्यानं काम करणाऱ्या प्रत्येकाला हॉटेलनं धोक्याच्या वेळी दाबायचं बटण द्यावं आणि तक्रार करणाऱ्यावर सूड उगवू नये. तुमच्या मिनीबारच्या प्रत्येक बाटलीवर सेन्सर बसवायला तुमच्याकडे पैसे होते.

इतकं झाल्यावर मुलगा किंवा मुलगी राजीनामा देते, आणि तिथंही मर्जी सुटत नाही. फुल अँड फायनल दोन-दोन महिने लटकतं. रिलीव्हिंग लेटरसाठी हेलपाटे घालावे लागतात. ‘आपली लाईन लहान आहे, मी एक फोन केला तर कुठं लागणार नाहीस’ हे वाक्य मी इतक्या मुलांकडून ऐकलंय की कुठल्या तरी ट्रेनिंग मॅन्युअलमध्ये ते छापलेलं असावं अशी शंका येते. 21 नोव्हेंबर 2025 पासून देशात चार श्रमसंहिता लागू झाल्या आहेत. नेमणूकपत्र प्रत्येक कामगाराला द्यायचं आहे, आणि राजीनामा दिलेल्याचं वेतन दोन कामाच्या दिवसांत चुकतं करायचं आहे. प्रशिक्षणाचं सत्र काढायला येणाऱ्या आमच्या ट्रेनींना तर यातलं काहीच लागू नाही असं तुम्ही धरून चालता. पूर्ण शिफ्ट घेता आणि ‘शिकतोयस ना’ म्हणता.

तुमच्या प्रत्येक इंडक्शनमध्ये 26 नोव्हेंबर 2008 च्या रात्रीच्या ताजमहाल पॅलेसची स्लाईड असते. असावीच. रोहित देशपांडे आणि अंजली रैना यांनी हार्वर्ड बिझनेस रिव्ह्यूच्या डिसेंबर 2011 च्या अंकात त्या रात्रीचा अभ्यास मांडला. बाराशे ते पंधराशे पाहुण्यांना बाहेर काढताना हॉटेलचे 11 कर्मचारी गेले. ही माणसं पळाली का नाहीत, या प्रश्नाचं उत्तर त्यांनी धैर्यात शोधलं नाही. लहान गावांतून केलेली निवड, पाहुण्यासमोर असताना वरिष्ठाला न विचारता निर्णय घेण्याची मुभा, चांगलं काम केलं की लगेच मिळणारी शाबासकी, अशा रोजच्या साध्या गोष्टी त्यांना दिसल्या. तुम्ही स्लाईड दाखवता ती शेवटच्या रात्रीची. आधीच्या हजारो साध्या दिवसांचं रोस्टर कसं होतं, ते विचारत नाही.

उडप्याच्या हॉटेलांच्या जुन्या काळात रमणाऱ्यांपैकी मी नाही. मालक आणि पोरं एकाच चुलीवरचं जेवत, पोरं रात्रशाळेत जात, हे खरं. त्यातली कित्येक दहा-अकरा वर्षांची होती हेही खरं, आणि त्यावर बंदी यायला 2006 साल उजाडलं. मला तो काळ परत नको. मला आजच्या काळातला, आजच्या कायद्यातला साधा चोखपणा हवा आहे. रोस्टर दोन आठवडे आधी लागू दे आणि ते बदललं तर कोणी, का बदललं हे त्यावरच लिहिलेलं असू दे. खोल्यांच्या शीटवर चेकआऊटचा रकाना वेगळा असू दे. टिपांच्या वहीवर घेणाऱ्याची सही असू दे.

आणि एक काम तुम्ही स्वतः करा, कारण ते दुसऱ्या कुणाला करू द्यायचं नाहीये. मागच्या दोन वर्षांत नोकरी सोडून गेलेल्यांची यादी मागवा. विभागवार नको, ती तुमच्याकडे आहे. प्रत्येक नावापुढं, त्या माणसाचं रोस्टर कोण लिहीत होतं, ते नाव घाला. यादीत तीच तीन-चार नावं पुन्हा पुन्हा येतील. ही यादी काढायला एक दुपार पुरेल. ती काढा, आणि ज्यांची नावं वर येतील त्यांना बोलावण्याआधी, जे सोडून गेले त्यांना स्वतः फोन करा.

कळावे,
आपली,
हॉटेल व्यवस्थापन शिकवणारी एक शिक्षिका